काचेची साक्ष



काच हा काय व्याख्यानाचा विषय झाला, असे आपल्यापैकी काहींच्या मनात आले असेल. मावळात येऊन कोणी लोहगडाचे नाव काढले, राजमाचीचे नाव काढले, की श्रोता सरसावून बसतो आणि वक्त्याचे अर्धे काम आपोआप होते. काचेच्या वाट्याला ती पुण्याई नाही. घरात बांगडी पिचली तर आपण ती फुटली असेही म्हणत नाही. वाढवली म्हणतो, आणि तुकडे उकिरड्यावर टाकून मोकळे होतो. आज आम्ही या वडिवळे गावी उभे राहून बोलणार आहोत ते त्या उकिरड्यावरच्या तुकड्यांविषयीच. तो तुकडा बोलका असतो. परंतु त्याला विचारण्याची रीत आहे. ती रीत काय, आणि तिच्यामुळे आजवर काय कळले, एवढाच आमचा विषय.

प्रश्न साधा आहे. आपल्या या दख्खनच्या पठारावर जुन्या काळी काच तयार होत होती, की बाहेरून येत होती? या प्रश्नाची दोन उत्तरे तयारच असतात. एक पक्ष म्हणतो, आपल्या पूर्वजांना सर्व काही येत होते, तेव्हा काचही येतच असणार. दुसरा पक्ष म्हणतो, काच ही विद्या मूळची मिसर आणि इराक देशांकडची. आपल्याकडे जे सापडते ते सारे व्यापाऱ्यांनी आणलेले. दोन्ही पक्षांची गंमत अशी की, तुकडा हातात न घेताच दोघांनाही उत्तर ठाऊक असते. अभिमान आणि हेटाळणी या दोहोंनाही पुराव्याची गरज भासत नाही. आम्ही आज आपणांस तिसऱ्या वाटेने नेणार आहोत.

हा प्रश्न विचारण्याचा मावळाला दुहेरी अधिकार आहे. येथून थोड्या अंतरावर कार्ले, भाजे आणि बेडसे येथील लेणी आहेत. कार्ल्याच्या शिलालेखांत जो 'मामाल' नावाचा प्रदेश येतो, तो आपला मावळच, असे पंडित मानतात. त्याच लेण्यात धेनुकाकट येथील यवनांनी दिलेल्या खांबांचे लेख आहेत. घाटमाथ्यावरून कोकणातील बंदरांकडे उतरणारी व्यापाराची वाट या टापूतून जात होती आणि लेणी त्या वाटेच्या आश्रयाने वाढली. हा झाला एक अधिकार. दुसरा अधिकार तळेगाव दाभाड्याचा. पैसा फंडाचा काच कारखाना तेथे १९०८ साली निघाला, हे या तालुक्यातील जुन्या माणसांना सांगायला नको. त्या कारखान्याकडे आम्ही शेवटी वळू. आधी काच म्हणजे काय ते पाहू.

काच समजून घ्यायला प्रयोगशाळेत जाण्याचे कारण नाही. लोणावळ्याची चिक्की पुरे. गुळाचा किंवा साखरेचा पाक कडक करून परातीवर झटकन पसरला, की तो कणीदार न होता पारदर्शक आणि ठिसूळ होतो. तोच साखरेचा पाक सावकाश निवू दिला आणि आत दोरा सोडला, की त्याची खडीसाखर होते, पैलू पडतात. पदार्थ एकच, परंतु एकात कणांना रांगेत बसायला सवड मिळाली, दुसऱ्यात मिळाली नाही. गारगोटी ही निसर्गाची खडीसाखर आणि काच ही माणसाची चिक्की.

अडचण इतकीच की, गारगोटीची शुद्ध वाळू वितळायला सुमारे १७०० अंश उष्णता लागते. इतकी आच कोणत्याही जुन्या भट्टीत निघत नव्हती. म्हणून वाळूत खार घालावा लागतो. सोड्याचा किंवा पोटॅशचा खार मिसळला, की तीच वाळू हजार-अकराशे अंशांत पाझरू लागते. पण नुसत्या वाळू-खाराची काच पाण्यात विरघळते. तिला टिकाऊ करायला चुन्याचा अंश हवा. वाळू, खार आणि चुना ही काचेची त्रयी. पुढे रंगांची पूड येते. तांब्याने निळा, हिरवा, आणि भट्टीत हवा कोंडली तर गडद लाल, कोबाल्टाने गर्द निळा, मँगेनीजने जांभळा, शिसे आणि कथील यांच्या संयोगाने पिवळा.

आता या कृतीतच साक्षीचे बीज आहे. स्वयंपाकाची चव ज्याप्रमाणे गावोगाव वेगळी, त्याप्रमाणे काचेची कृतीही देशोदेशी वेगळी होती. कारण प्रत्येकाने आपल्या अंगणातला खार आणि आपल्या नदीची वाळू वापरली. रोमन काळात भूमध्यसमुद्राकाठी जी काच होई, तिचा खार मिसर देशातील सरोवरांच्या काठचा, खनिज आणि स्वच्छ. म्हणून त्या काचेत पोटॅश आणि मॅग्नेशिया अगदी थोडे, साधारण दीड टक्क्याच्या आत. इराक-इराणकडे खाऱ्या जमिनीतील झुडपे जाळून त्यांची राख वापरीत. राखेबरोबर हे दोन्ही पदार्थ येतात, म्हणून तेथील काचेत ते अधिक. आणि आपल्या देशात? येथे जी काच विपुल सापडते तिच्यात अल्युमिना फार. पाच टक्क्यांच्या वर, पुष्कळदा दहाच्या घरात. भूमध्यसमुद्राकडील काचेत ते सामान्यतः दोन-तीन टक्क्यांवर जात नाही. याचे कारण आपल्याकडील कारागिरांनी धुतलेली शुभ्र वाळू न घेता मिश्र वाळू घेतली आणि खार घेतला तो जमिनीवर पांढरा फुलून येणारा. उत्तरेत त्याला रेह म्हणतात. अमेरिकेतील कॉर्निंगच्या काच-संग्रहालयातील रॉबर्ट ब्रिल यांनी आणि त्यांच्यामागून आलेल्या अभ्यासकांनी शेकडो तुकड्यांचे पृथक्करण करून हा भेद पक्का केला. तेव्हा अल्युमिना हा आपल्या काचेच्या कपाळावरचा गोंदणठसा म्हटला तरी चालेल.

पृथक्करणाच्या आधी मात्र डोळ्यांचे काम असते, आणि ते आपणांपैकी कोणालाही भिंगाच्या साह्याने करता येईल. काचेचा मणी दोन रीतींनी होतो. एक, तारेवर मऊ काच गुंडाळून. दुसरी, भट्टीतील गोळ्यातून लांबच लांब पोकळ नळी ओढून आणि मग तिचे तुकडे पाडून. मण्यातील हवेचे बुडबुडे पाहावेत. ते भोकाच्या दिशेने लांबट झालेले असतील तर मणी ओढलेला. भोकाभोवती फिरलेले असतील तर गुंडाळलेला. नळी ओढण्याची ही विद्या आपल्या देशात दोन हजार वर्षांहून जुनी आहे, आणि आंध्र प्रदेशातील पापानायडूपेटा या गावी ती आपल्या काळापर्यंत टिकून राहिली. आपल्या डेक्कन कॉलेजात संशोधन केलेले आलोक कुमार कानूनगो यांनी त्या कारागिरांजवळ बसून ती नोंदवून ठेवली. जमिनीखालचा मणी समजण्यासाठी जिवंत कारागिराच्या हाताकडे पाहावे लागते, हा धडा त्यातून मिळाला.

आता जुन्या ग्रंथांची साक्ष काढू. इसवी सनाच्या पहिल्या शतकात प्लिनी नावाचा रोमन पंडित लिहितो की, हिंदुस्थानात काच फुटक्या स्फटिकांपासून करतात आणि म्हणून तिच्या तोडीची काच दुसरीकडे नाही. त्याच शतकात एका ग्रीक व्यापाऱ्याने लिहिलेले सागरप्रवासाचे वर्णन आहे; त्याला पेरिप्लस म्हणतात. त्यात पैठण आणि तगर, म्हणजे आजचे तेर, या आपल्या बाजारपेठांची नावे आहेत, कल्याण आहे. आणि त्यातच भडोच बंदरात उतरणाऱ्या मालाच्या यादीत कच्च्या काचेचे नाव आहे! एक साक्षीदार म्हणतो हिंदुस्थानची काच सर्वोत्तम. दुसरा म्हणतो हिंदुस्थानला आम्ही काच नेऊन विकतो. आपले दोन पक्ष या दोन वाक्यांवर जन्मभर भांडू शकतील. पृथक्करणाने मात्र तोड निघते. देशातील जुन्या स्थळांवर अल्युमिनाची काच भरपूर मिळते आणि तिच्याबरोबर मधूनमधून भूमध्यसमुद्राकडील जातीची काचही मिळते. घरची काच होती आणि बाहेरचीही येत होती. ज्या गावात गूळ होतो त्या गावात साखर विकली जात नाही असे थोडेच आहे?

घरची काच होती याला भट्टीचाही पुरावा आहे. उत्तर प्रदेशातील कोपिया येथे जुन्या काचकामाचे अवशेष आहेत. तेथील काचेचे पृथक्करण १९५३ साली प्रसिद्ध झाले आणि या शतकाच्या पहिल्या दशकात कानूनगो यांनी तेथे उत्खनन केले.

महाराष्ट्रात या विषयाचा पाया घातला गेला तो पुण्या-मुंबईच्या पंडितांच्या हातून. कोल्हापूरच्या ब्रह्मपुरी टेकडीचे उत्खनन डॉ. ह. धी. सांकळिया आणि मोरेश्वर गंगाधर दीक्षित यांनी १९४५-४६ साली केले. पुढे १९५४ ते १९५६ या काळात सांकळियांच्या नेतृत्वाखाली प्रवराकाठी ज्ञानेश्वरांच्या नेवाशाचे उत्खनन झाले. दोन्ही ठिकाणी सातवाहन काळाच्या थरांत मणी आणि बहामनी काळाच्या थरांत रंगीबेरंगी बांगड्यांचे तुकडे मिळाले. एका काळ्या बांगडीवर पिवळी, हिरवी, तांबडी नक्षी वळवलेली. आजच्या कासाराच्या दुकानातही ती शोभावी. तेर येथे रामलिंगप्पा लामतुरे यांनी शेतांतून आणि पांढरीच्या टेकाडांतून मिळालेल्या वस्तू आयुष्यभर जमवल्या. त्यांच्या नावाने तेथे आज शासनाचे संग्रहालय उभे आहे. दीक्षितांनी हा सारा पसारा मनात घेऊन भारतीय काचेचा इतिहास लिहिला. मुंबई विद्यापीठाने तो १९६९ साली प्रसिद्ध केला. तोही मूळचा व्याख्यानांचाच ग्रंथ, ही गोष्ट या मंडपात सांगताना आम्हांस विशेष बरे वाटते.

दीक्षितांच्या वेळी एक मोठी पंचाईत होती. पृथक्करण करायचे तर तुकडा कुटून आम्लात विरघळवावा लागे. साक्षीदाराचा जबाब घ्यायचा म्हणजे त्याचा जीवच घ्यायचा! म्हणून चांगला मणी कोणी देत नसे आणि तपासणी थोड्याच तुकड्यांची होई. पुढे क्ष-किरणांची पद्धत आली, आणि तिच्यामागून लेसर किरणाची. लेसर किरण मण्यावर डोळ्यांना न दिसणारा खड्डा पाडतो, त्यातून उडालेली वाफ यंत्रात जाते, आणि दहा लाख भागांत एखादा भाग असलेले मूलद्रव्यही मोजले जाते. मणी जसाच्या तसा संग्रहालयात परत जातो. या सूक्ष्म मूलद्रव्यांनी अभ्यासाला एकदम नवे वळण दिले. कारण खार आणि वाळू यांचे मोठे आकडे दोन देशांत सारखे असू शकतात, परंतु वाळूतील दुर्मीळ द्रव्यांचे प्रमाण सहसा सारखे नसते.

याचे उत्तम उदाहरण आपल्या घाटाखालीच आहे. रायगड जिल्ह्यातील चौल हे बंदर पेरिप्लसच्या काळापासून प्रसिद्ध. डेक्कन कॉलेजचे डॉ. विश्वास गोगटे यांनी तेथे उत्खनन केले. तेथील मध्ययुगीन मणी आणि आफ्रिकेत केन्याच्या किनाऱ्यावरील जुन्या वसाहतींतील मणी यांची तपासणी लॉर ड्युसुबियू, चापुरुखा कुसिंबा, गोगटे आणि त्यांचे सहकारी यांनी लेसर पद्धतीने केली आणि तिचे निष्कर्ष २००८ साली प्रसिद्ध केले. दक्षिण भारत आणि लंका यांच्या प्राचीन काचेत बेरियम जास्त आणि युरेनियम कमी असते. चौलच्या काचेत उलटे निघाले : युरेनियम जास्त, बेरियम कमी. युरेनियम म्हणताच कोणी दचकू नये. ते अगदी सूक्ष्म प्रमाणातच आहे. आणि केन्याच्या मण्यांतही हीच खूण निघाली! आपल्या पश्चिम किनाऱ्यावरून गेलेला मणी आफ्रिकेतील एखाद्या मुलीच्या गळ्यात होता, हे कोणत्याही बखरीत लिहिलेले नाही. ते त्या मण्याने स्वतः सांगितले.

येथे एक शंका काढण्यासारखी आहे. आपली सह्याद्रीची भूमी काळ्या कातळाची. या कातळात गारगोटीची वाळू फार थोडी आणि युरेनियम अत्यल्प; ग्रॅनाइट दगडात ते अधिक असते. मग चौलच्या काचेतील युरेनियम कोठून आले? यावरून असा तर्क करता येतो की, कच्ची काच कातळाच्या प्रदेशाबाहेर, ग्रॅनाइटची वाळू असेल तेथे वितळवली जात असावी आणि तिचे गोळे बाजारात येत असावेत. म्हणजे काच वितळवणारा वेगळा आणि काच घडवणारा वेगळा. आपल्याकडील काचारी समाजाची रीतही अशीच होती. काचेचे गोळे आणि फुटक्या बांगड्या विकत घ्यायच्या आणि भट्टीत मऊ करून त्यांच्या नव्या बांगड्या ओढायच्या. वाढवलेली बांगडी खरोखरच पुन्हा वाढत असे! पण संशोधकाला यामुळे सावध राहावे लागते. कारण दहा गावांच्या फुटक्या बांगड्या एका मुशीत गेल्या, की दहा साक्षीदार एकाच वेळी बोलू लागतात.

खाराचे मात्र एक ठिकाण आपल्या राज्यात ग्रंथातच नोंदलेले आहे. बुलढाणा जिल्ह्यातील लोणारच्या सरोवराविषयी अबुल फजलाने अकबराच्या काळातील 'आईन-इ-अकबरी' या ग्रंथात लिहून ठेवले आहे की, काच आणि साबण करण्यास लागणारे सर्व साहित्य तेथे मिळते. सोळाव्या शतकाच्या अखेरीची ही नोंद आहे. लोणारच्या खाराची एखादी काच नेमकी ओळखून काढणे, हे काम पुढच्या अभ्यासकाने घेण्यासारखे आहे.

आता तळेगावकडे वळू. ज्या देशाचे मणी आफ्रिकेत जात होते, त्याच देशात एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस बोहेमियाच्या, आणि पुढे जपानच्या, बांगड्यांचे पेटारे उतरू लागले. कंदिलाची चिमणीसुद्धा परदेशी. आपल्या काचाऱ्यांची विद्या हातातली होती. बापाने मुलाला भट्टीजवळ शिकवलेली. कोणता खार, किती आच, हे कागदावर कोठेच नव्हते. धंदा बसला की माणूस दुसऱ्या कामाला लागला, आणि माणसाबरोबर विद्या गेली. म्हणून अंताजी दामोदर काळे यांनी माणशी एक पैसा मागून निधी उभारला, लोकमान्यांनी त्यास पाठबळ दिले, आणि त्या पैशांतून तळेगावला कारखाना उभा राहिला. त्याची तांत्रिक बाजू सांभाळायला जे ईश्वरदास वार्ष्णेय आले, ते अमेरिका आणि जपान येथे शिकून आले होते. दोन हजार वर्षे ज्या देशात काच होत होती, त्या देशाला तिची कृती परक्या देशात जाऊन शिकावी लागली. आम्ही हे कोणास खिजवण्यासाठी सांगत नाही. तळेगावच्या मंडळींना या गोष्टीचे मर्म कळले होते. म्हणूनच तेथे नुसता माल न काढता माणसेही शिकवली, आणि ती पुढे देशभरच्या काचकारखान्यांत पसरली. नोंदवलेली आणि शिकवलेली विद्याच टिकते, ही तळेगावची शिकवण जुन्या काचेच्या अभ्यासालाही तितकीच लागू आहे.

श्रोतेहो, जाता जाता एक मागणे आहे. ताम्रपटात राजाचे नाव असते, शिलालेखात दात्याचे असते. बांगडी भरणारी बाई, तिला बांगडी विकणारा कासार आणि ती ओढणारा काचारी यांचे नाव कोठेच नसते. त्यांचा ताम्रपट म्हणजे हा काचेचा तुकडा. आणि तो बोलतो तो केवळ आपल्या जागी असताना. कोणत्या गावची पांढर, किती खोल, बरोबर कोणते खापर, कोणते नाणे, एवढे ठाऊक असेल तर यंत्राने काढलेल्या आकड्यांना अर्थ येतो. तोच तुकडा डबीत पडला, की उरते ती सुंदर पण मुकी काच; जगातले सर्वांत महाग यंत्र लावले तरी ती कोणत्या शतकातील कोणत्या घरची, हे सांगता येणार नाही.

आणि मावळ आज झपाट्याने उकरला जात आहे. २००२ साली द्रुतगती मार्ग पुरा झाला. त्याच्या आगेमागे टेकड्या सपाट झाल्या, शेतांचे प्लॉट पडले, जुन्या गावठाणांची पांढरी माती बागांत आणि भरावात गेली. प्रगती थांबवा असे आम्ही म्हणत नाही, आणि म्हटले तरी कोण ऐकतो? परंतु नांगराखाली किंवा पायाच्या खणतीत जुन्या बांगडीचे तुकडे, मणी, काचेचा मळ लागला, तर तो पोरांना गोट्या म्हणून देऊ नये, आणि घासून पुसून कपाटातही ठेवू नये. जागा लिहून ठेवावी, खोली मोजावी, जमल्यास फोटो काढावा आणि राज्याच्या पुरातत्त्व विभागाला किंवा पुण्याच्या डेक्कन कॉलेजला कळवावे. शाळेतील शिक्षकांनी मनावर घेतले, तर वर्षभरात प्रत्येक गावाची एक वही तयार होईल. एकेका पैशातून या तालुक्याने एकदा काचेचा कारखाना उभा केला आहे. एकेका नोंदीतून काचेचा इतिहास उभा करणे त्याला जड जाऊ नये.